दुष्काळाच्या वाटेने आलेली माणसे

(सुवर्णमहोत्सवानिमित्त भरलेल्या सभेत केलेले भाषण)



महोत्सव मंडळाने आम्हांस चार शब्द बोलावयास सांगितले तेव्हा प्रथम आम्ही हात जोडले. आपल्या धर्मग्रामाचा पन्नास वर्षांचा वृत्तान्त सांगण्यास आमच्याहून अधिकारी मंडळी येथे बसली आहेत. देवळाच्या पायाचा दगड कोठून आला, घंटेची वर्गणी कोणाच्या घरापासून सुरू झाली, हे त्यांस मुखोद्गत आहे, आम्हांस नाही. परंतु चिटणीस म्हणाले, "देवळाविषयी बोलणारे पुष्कळ आहेत, तुम्ही गावाविषयी बोला." मग आमच्याने नाही म्हणवले नाही.

गोंदिया हे आलेल्या माणसांचे गाव आहे. या मंडपात एकवार नजर फिरविली तरी पुरे. कोणाचे आजोबा इंजिनावर फायरमन म्हणून आले, कोणाचे गार्ड म्हणून. कोणाची आजी दवाखान्यात परिचारिका होती. कोणी गोव्याकडचे, कोणी दक्षिणेकडचे, कोणी छोटा नागपूरकडचे. याच मातीत जन्मलेली घराणीही आहेत, आणि त्यांनी बाकीच्यांस सामावून घेतले, हे त्यांचे उपकार आज प्रथम मान्य केले पाहिजेत. "तुमचे मूळ गाव कोणते?" हा प्रश्न येथे कोणी कोणास दुखविण्यासाठी विचारीत नाही. पाहुण्यास पाणी देताना प्रवासाची चौकशी करावी, तसा तो विचारला जातो.

म्हणून आज आम्ही अशाच काही आलेल्या माणसांची हकीकत सांगणार आहोत. ती आपल्या धर्माची नव्हती आणि त्यांनी आपले देऊळ बांधले नाही. तथापि या जिल्ह्यातील कितीतरी मुले ज्या शाळांत शिकली, त्या शाळा त्यांच्या धंद्याच्या पैशातून उभ्या राहिल्या. तो धंदा कसा आला, तो कोणाच्या हातांवर वाढला आणि त्याचा पैसा शाळेपर्यंत कसा पोहोचला, एवढेच आम्हांस सांगावयाचे आहे.

इ. स. १८९९ सालच्या पावसाळ्याने पश्चिम आणि मध्य हिंदुस्थानाकडे पाठ फिरविली. गुजरातेत ते विक्रम संवत १९५६ हे वर्ष. त्यामुळे तेथील लोक त्या दुष्काळास 'छप्पनियो' म्हणू लागले, आणि पुढे पिढ्यान्‌पिढ्या हा शब्द एखाद्या रोगाच्या नावाप्रमाणे उच्चारला गेला. दख्खनच्या शेतकऱ्यास अवर्षणाची सवय होती. गुजरातच्या शेतकऱ्यास ती नव्हती. खेडा जिल्हा म्हणजे सुपीक जमीन, दुधाळ जनावरे आणि तंबाखूची शेते. अशा ठिकाणी घाव बसला म्हणजे तो अधिक खोल जातो. प्रथम वैरण संपली. मग गुरे गेली. आणि गुरे गेल्यावर, पुढच्या वर्षी पाऊस आला तरी नांगर ओढणार कोण, हा प्रश्न उरला. १९०० च्या उन्हाळ्यात पटकीची साथ आली व उपासाने खंगलेल्या वस्त्यांतून ती वणव्यासारखी फिरली. सरकारने सर अँटनी मॅक्डोनेल यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी आयोग नेमला आणि १९०१ साली त्याचा अहवाल निघाला. अहवाल निघतात, तोपर्यंत माणसेही निघून गेलेली असतात.

पवित्र शास्त्रातील रूथच्या पुस्तकाचा आरंभ आपणां सर्वांस ठाऊक आहे. बेथलेहेमात दुष्काळ पडला म्हणून एक गृहस्थ बायकोमुलांसह मवाब देशी राहावयास गेला. भाकरीचे घर असा ज्या गावाच्या नावाचा अर्थ, त्याच गावी भाकरी मिळेनाशी झाली. खेड्याच्या शेतकऱ्याची गत याहून वेगळी नव्हती.

मात्र तो जेथे आला तेथे सुबत्ता होती, असा समज कोणी करून घेऊ नये. आपला मध्यप्रांत १८९६-९७ च्या दुष्काळातून नुकता कोठे सावरत होता, तोच १८९९ ने त्यास पुन्हा गाठले. एका उपाशी मुलखातून माणूस दुसऱ्या उपाशी मुलखात आला. मग तो येथेच का आला? कारण येथे रूळ टाकण्याचे काम चालू होते. बंगाल नागपूर रेल्वे कंपनी १८८७ साली स्थापन झाली होती, नागपुराहून कलकत्त्याकडे जाणारा मार्ग तयार झाला होता, आणि त्याला फाटे फोडण्याच्या योजना चालल्या होत्या. खडी, लाकूड, मजूर, माती, या प्रत्येकाचा लहानमोठा ठेका निघे. ज्याच्याजवळ जमीन उरली नाही, गुरे उरली नाहीत, पण हिशेब उरला आहे, अशा माणसास ठेका हीच शेती.

विडीच्या धंद्याचा इतिहास लिहिणारे सांगतात की, त्या दुष्काळाने देशोधडीस लागलेल्यांत मोहनलाल पटेल आणि हरगोविंददास असे दोघे गुजराती गृहस्थ होते. रेल्वेवर लहानसहान ठेके घेत ते जबलपुरास स्थिरावले, आणि १९०२ च्या सुमारास तेथे त्यांनी विडीचा धंदा मांडला. विडी त्यांनी शोधून काढली असे नव्हे. गुजरातेतील तंबाखूच्या शेतांवरचे मजूर उरलेला चुरा पानात गुंडाळून केव्हापासून ओढीत होते. ते पान बहुधा आपट्याचे. दसऱ्यास आपण सोने म्हणून वाटतो तेच. या दोघांचे वैशिष्ट्य असे की, घरून त्यांनी तंबाखूचे ज्ञान आणले आणि पान मात्र येथल्या रानात पाहिले.

ते पान तेंदूचे. आपल्याकडच्या मुलांस तेंदूचे पिवळे, गोड फळ ठाऊक असते. पानाची थोरवी त्यांस माहीत नसते. हे पान चामड्यासारखे चिवट असते, भिजविले की वळते, वाळले तरी सहसा तडकत नाही. शिवाय नागझिऱ्यापासून नवेगावापर्यंत, आणि पलीकडे बालाघाट व गडचिरोलीकडे, ते न पेरता उगवते. गोंडांचे, हलबांचे आणि रानाकाठच्या सर्व गरिबांचे ते पूर्वापार ओळखीचे झाड. आलेल्या माणसाने त्यात धंदा पाहिला. यात त्याच्या बुद्धीची तारीफ आहेच. तरी रान राखणाऱ्यांची ओळख आधीची, हेही लक्षात असू द्यावे.

पुढचे काम आगगाडीने केले. १९०३ ते १९०५ च्या सुमारास गोंदियाहून जबलपुरापर्यंत नॅरोगेज गाडी सुरू झाली. नंतर दक्षिणेस नागभीडच्या बाजूलाही फाटा गेला. आमच्यापैकी ज्यांनी त्या छोट्या गाडीतून प्रवास केला आहे त्यांस तिची चाल आठवत असेल. तरणा मुलगा उतरून दोन पावले चालला तर पुन्हा चढू शकेल, असा तिचा लौकिक होता. पण त्या मंद गाडीनेच जबलपूर व गोंदिया ही एका धंद्याची दोन अंगणे करून टाकली. उत्तरेचे व दक्षिणेचे रान, पूर्वेस कलकत्ता, पश्चिमेस नागपूर व मुंबई, आणि मध्ये गोंदियाचे जंक्शन. पान रानातून यावे, तंबाखू गुजरातेतून यावी, विडी सर्व देशात जावी. अशा जागी कोठारे उभी राहिली नसती तरच नवल. स्वदेशीची चळवळ सुरू झाल्यावर परदेशी सिगारेटीऐवजी विडी ओढणे हे पुष्कळांस देशाभिमानाचे लक्षण वाटू लागले, आणि धंद्यास आणखी बरकत आली.

येथे आम्ही थोडे थांबतो. कारण धंद्याची भरभराट सांगताना वक्ते कोठारापाशी पोहोचतात आणि ओटीवर बसलेल्या बाईस विसरतात.

तेंदूची झुडपे उन्हाळ्याच्या तोंडाशी छाटतात. मग त्यांस कोवळी, रुंद पालवी फुटते. ती तोडण्याचा हंगाम म्हणजे वैशाखाचे ऐन दिवस, पावसाच्या आधीचे थोडे आठवडे. पहाटे अंधारातच घरची सर्व माणसे रानात जातात, कारण दहा वाजल्यानंतर रानात उभे राहवत नाही. अस्वल आणि वाघ यांची भीती असते ती वेगळी. दुपारी घरी बसून पाने मोजून त्यांची पुडकी बांधावयाची, सायंकाळी फडावर नेऊन फडमुंशीपुढे मोजून द्यावयाची. तेथे ती उन्हात वाळतात, उलटीपालटी होतात, मग बोदांत भरून कोठारात जातात.

येथून विडीचे काम सुरू होते, आणि ते मुख्यत्वे स्त्रियांचे. सट्टेदार पान, तंबाखू व दोरा मोजून देतो. बाई पान भिजवते, पत्र्याचा साचा ठेवून कात्रीने कापते, मांडीवरच्या सुपात तंबाखूचा चुरा घेते, चिमूटभर चुरा पानावर पसरून दोन्ही हातांच्या बोटांनी वळते, टोक नखाने आत दुमडते आणि दोऱ्याचे वेढे देते. हे वाचावयास जितका वेळ लागतो त्याहून कमी वेळात विडी होते. पंचवीस विड्यांचा एक कट्टा, चाळीस कट्ट्यांचा हजार. आणि मजुरी हजारावर. चांगल्या हाताची बाई दिवसभरात हजाराच्या आसपास जाते, तेही घरातील मुलगी कात्री चालवीत असेल तर. संध्याकाळी सट्टेदाराकडे माल द्यावयाचा. तो कट्टे हातात घेऊन पाहतो, दाबतो, आणि जे पसंत पडत नाहीत ते छाट म्हणून बाजूस काढतो. छाटीची मजुरी नाही. पान कमी भरले तर ते पदरचे विकत घ्यावयाचे. तंबाखूची धूळ सुपातून घरात, घरातून दुधात आणि भातात जाते. छातीचा खोकला ही या धंद्यातील न मागता मिळणारी बक्षिशी आहे. हे आम्ही कोणा एका पेढीविषयी बोलत नाही. नर्मदेपासून कृष्णेपर्यंत धंद्याची रीतच ही होती. शिवाय खुद्द विडी ओढणाऱ्याच्या देहाचे ती काय करते, हे आता डॉक्टरांनी निःसंशय सांगितले आहे. ज्या वस्तूने घरे चालविली तिनेच पुष्कळ घरांतील कर्ते माणूस नेले. ही गोष्ट झाकून आम्हांस या धंद्याचे गुणगान करता येणार नाही.

याच गुजराती वाटेने पुढच्या पिढीत आलेले गृहस्थ म्हणजे मनोहरभाई पटेल. त्यांचा जन्म ९ फेब्रुवारी १९०६ चा, म्हणजे छप्पनियो होऊन गेल्यानंतरचा. दुष्काळ त्यांनी पाहिला नाही. दुष्काळाने जी वाट पाडली होती ती त्यांस तयार मिळाली. गोंदियात येऊन ते विडीच्या धंद्यात मोठे झाले. नगरपालिकेचे अध्यक्ष झाले, विधानसभेत गेले. इतके तर अनेक श्रीमंत माणसांच्या चरित्रांत असते, आणि एवढ्यावर आम्ही आपला वेळ घेतला नसता.

त्या काळाचा नकाशा डोळ्यांपुढे आणावा. गोंदिया तेव्हा स्वतंत्र जिल्हा नव्हता. १ मे १९९९ पर्यंत तो भंडारा जिल्ह्याचाच भाग होता. १९५६ पर्यंत आपण मध्यप्रदेशात होतो, मग द्विभाषिक मुंबई राज्यात गेलो, आणि १९६० साली महाराष्ट्रात आलो. चार वर्षांत तीन राज्यांची पाटी बदलली; खेड्यांतील मुलाच्या हातातील पाटी मात्र चौथीनंतर बहुधा खाली ठेवली जात असे. देवरी, सालेकसा या बाजूच्या रानातील मुलास हायस्कूल म्हणजे दूरचे शहर, तेथील खोलीचे भाडे आणि घरच्या दोन हातांची मजुरी बुडणे. अशा वेळी, १९५८ साली, मनोहरभाईंनी गोंदिया शिक्षण संस्था काढली. एकाच दिवशी बावीस हायस्कुले उघडली असे या भागात अभिमानाने सांगतात. पुढे गोंदियात दोन महाविद्यालये निघाली: शास्त्र शाखेचे धोटे बंधूंच्या नावाचे, आणि दुसरे नटवरलाल माणिकलाल दलाल यांच्या नावाचे. आम्हांस यातील एक बारकावा विशेष वाटतो. संस्था आपण काढावी आणि महाविद्यालयांस नावे इतर दात्यांची लागावीत! पैसेवाल्या माणसास देणगी देणे जमते. पाटी दुसऱ्यास देणे सर्वांस जमत नाही. त्यांचे स्वतःचे नाव देवरी, सालेकसा, साकोली अशा ठिकाणच्या शाळा-महाविद्यालयांस नंतर लागले ते लागले.

आणखी एक. शहरात महाविद्यालय काढले म्हणजे समारंभ होतो, छायाचित्र निघते. रानातील हायस्कूल चालविणे म्हणजे मास्तर शोधणे. तेथे मास्तर टिकत नाही, पावसाळ्यात नाला ओलांडता येत नाही, भातरोवणीच्या दिवसांत वर्ग रिकामे पडतात. एकदा उघडलेले हायस्कूल चालू ठेवावयाचे तर हीच कटकट दर वर्षी सोसावी लागते. आम्ही त्यांच्या शहरातील इमारतींपेक्षा या कटकटीस अधिक मान देतो. मनोहरभाई १९७० साली निवर्तले. दर वर्षी ९ फेब्रुवारीस गोंदियात त्यांची जयंती होते आणि गुणवंत विद्यार्थ्यांस सुवर्णपदके देतात. आपल्या धर्मग्रामातील तरुणांनी तो समारंभ एकदा तरी पाहावा.

आता हिशेबाची दुसरी बाजू. ज्या बाईच्या बोटांनी हा पैसा वळला तिचा पुढारी कोण? जयंतीच्या मंडपात तिचे नाव येत नाही, म्हणून तिच्या बाजूस कोणी उभेच राहिले नाही असे समजणे चूक होईल. कामठीचे बाबू हरदास एल. एन. यांचा जन्म १९०४ चा. मनोहरभाईंहून दोन वर्षांनी वडील. 'जय भीम' हे अभिवादन रूढ करण्याचे श्रेय त्यांस देतात. त्यांनी विडी कामगारांचा संघ बांधला आणि ठेकेदाराच्या पकडीतून सुटावे म्हणून कामगारांनी सहकारी पद्धतीने विडीचे काम चालवावे, असा प्रयत्न केला. १९३७ साली ते मध्यप्रांताच्या कायदेमंडळात निवडून गेले. १९३९ च्या जानेवारीत क्षयाने त्यांचा अंत झाला. वय अवघे पस्तीस. एकाच धंद्यातून, एकाच मुलखात, दोन प्रकारचे पुढारीपण उगवले. एकाने मिळविलेल्या धनातून शाळा दिली, दुसऱ्याने न मिळालेल्या मजुरीचा जाब विचारला. आम्हांस विचाराल तर आम्ही दोघांच्याही तसबिरी एका भिंतीवर लावू, आणि हरदासांची किंचित वर. कारण त्यांना आयुष्य थोडे मिळाले.

कायद्यांचा इतिहास आम्ही लांबवीत नाही. फक्त एक खटला सांगतो, कारण तो ऐकण्याजोगा आहे. १९४८ साली प्रांतिक सरकारने कायदा केला की, शेतीच्या हंगामात ठरवून दिलेल्या गावांत विडी वळू नये, म्हणजे शेतास मजूर मिळतील. हेतू वाईट नव्हता. देशात धान्याची टंचाई होती. परंतु शेतात जाण्यास अशक्त असलेली म्हातारी, पंगू माणूस, लहान मूल यांनी खावे काय? सागर जिल्ह्यातील एक विडी कारखानदार आणि एक विडी कामगार असे दोघे सर्वोच्च न्यायालयात गेले, आणि १९५० साली, राज्यघटना लागू झाली त्याच वर्षी, न्यायालयाने तो कायदा रद्द ठरविला. निकालात त्या अशक्त माणसांचा उल्लेख आहे. मालक आणि मजूर एकाच बाजूस उभे राहिल्याचे असे उदाहरण विरळा. पुढे १९६६ साली विडी कामगारांच्या कामाच्या अटींविषयी केंद्राचा कायदा झाला आणि १९७६ साली त्यांच्यासाठी कल्याण निधी उभा राहिला. त्यातून त्यांच्या मुलांस शिष्यवृत्त्या मिळाल्या. तेंदूपानाचा व्यापार १९६९ च्या कायद्याने राज्य सरकारच्या नियंत्रणात गेला होता. २००६ च्या वनहक्क कायद्याने तो हक्क गावांकडे येण्याची वाट मोकळी केली, आणि २०१३ पासून गडचिरोली व गोंदिया जिल्ह्यांतील काही ग्रामसभा आपल्या रानातील पानाचा लिलाव स्वतः करू लागल्या. ज्या गावास फडमुंशी काय लिहितो ते कळत नव्हते, ते गाव आता निविदा वाचून ठेकेदारास परत पाठवू शकते.

दुष्काळाची वाट छप्पनियोबरोबर बंद झाली असेही नाही. आपल्याच जिल्ह्याच्या दक्षिणेस, अर्जुनी मोरगाव तालुक्यात, पूर्व बंगालातून उखडलेल्या कुटुंबांच्या वसाहती आहेत. त्याच तालुक्यात प्रतापगडाजवळ गोठणगावाच्या बाजूस १९७२ साली तिबेटी निर्वासितांची वसाहत झाली. नोरग्येलिंग हे तिचे नाव. बर्फातील माणसे आपल्या वैशाखात शेती करावयास आली! हिवाळा आला की ती शहरोशहरी लोकरी स्वेटर विकावयास जातात आणि हंगाम संपला की परततात. ज्यास ठेका हीच शेती झाली होती त्या गुजराती माणसाचीच ही निराळी आवृत्ती आहे. आपणांपैकी ज्यांनी ती वसाहत पाहिली नसेल त्यांनी पावसाळ्यानंतर जाऊन पाहावी. रस्ता इटियाडोहच्या धरणाकडे जातो आणि फार सुंदर आहे.

शाळांविषयीची एक गोष्ट आम्ही मुद्दाम मागे ठेवली होती. आपल्याच मंडळीतील एका वृद्ध गृहस्थांनी ती आम्हांस सांगितली. ते सेवानिवृत्त शिक्षक आहेत आणि नाव सांगू नये अशी त्यांची अट आहे. त्यांच्या मातोश्री विड्या वळीत. त्यांच्या गावी हायस्कूल निघाले त्या पहिल्या वर्षाच्या मुलांत ते होते. एके संध्याकाळी आई सट्टेदाराकडे माल देऊन आली तेव्हा तिच्या हातातील वही त्यांनी सहज उघडली. आईने मोजून चाळीस कट्टे दिले होते. वहीत छत्तीस लिहिले होते, आणि चार छाट. "मग छाटीचे चार कट्टे कोठे आहेत?" मुलाने विचारले. आई म्हणाली, "ते तिकडेच राहतात." दुसऱ्या दिवशीही तसेच. मुलाने मागची पाने उलटून बेरीज केली. छाट म्हणून काढलेल्या विड्या परत मिळत नव्हत्या, मोडल्याही जात नव्हत्या. बिनमजुरीच्या त्या विड्या इतर मालाबरोबरच जात असल्या पाहिजेत.

आई भांडली नाही. तिने मुलास एवढेच सांगितले की, सगळी वही पहिल्यापासून मोठ्याने वाच. त्याने वाचली. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी शेजारच्या तीन बायका आपापल्या वह्या घेऊन त्यांच्या ओट्यावर येऊन बसल्या. आठवड्याभरात ओटा पुरेना. कोणी घोषणा दिली नाही, की कोणी संप केला नाही. पुढच्या पंधरवड्यात बायकांनी सट्टेदारास फक्त इतके म्हटले की, छाट काढा, पण काढलेली विडी आमच्यासमोर मोडा. थोडी कुरकुर झाली. मग विड्या समोर मोडल्या जाऊ लागल्या. आणि आश्चर्य असे की, छाट एकाएकी पुष्कळ कमी निघू लागली. सट्टेदार मनाने वाईट नव्हता, असे ते गृहस्थ आजही म्हणतात. वाचणारे कोणी नव्हते, इतकेच.

ज्या हायस्कुलात तो मुलगा बेरीज शिकला त्याच्या भिंती कोणत्या पैशातून उठल्या होत्या, हे आपण ऐकलेच आहे. तो पैसा त्याच्या आईसारख्या हजारो बायकांच्या बोटांतून आला होता. "आईने आधी पैसे भरले आणि मी नंतर शिकलो," असे ते गृहस्थ हसत म्हणाले.

त्यांच्या मातोश्री आपल्यापैकी पुष्कळांस आठवत असतील. देवळात डाव्या बाजूच्या रांगेत, दाराजवळच्या खांबापाशी त्या बसत. विडीचे काम सोडून त्यांस वीस वर्षे होऊन गेली होती. तरी प्रवचन चालू असता त्यांचे दोन्ही हात मांडीवर असत, आणि अंगठा व तर्जनी हळूहळू काहीतरी वळीत असत.